पत्रे चढवण्याआधी एकदा भिंतीला हात लावून बघा

प्रति,
अध्यक्ष, विश्वस्त मंडळ आणि समस्त सभासद बंधुभगिनी,
बडोदे

सप्रेम नमस्कार.

गेल्या महिन्यातल्या सर्वसाधारण सभेत ‘सभागृहाचा कायापालट’ हा विषय पंधरा मिनिटांत मंजूर झाला. त्याआधी शेवउसळ आणि चहा यांवर चाळीस मिनिटं गेली. त्याबद्दल माझी तक्रार नाही, शेवउसळ झकास होती. तक्रार त्या पंधरा मिनिटांची आहे. पडद्यावर एक रंगीत चित्र आलं. आपल्या सभागृहाला चहूबाजूंनी चंदेरी आणि लाल एसीपीचे (ॲल्युमिनियमच्या दोन पातळ पदरांमधे गाभा भरलेले) पत्रे, मधे निळी काच, दारावर सोनेरी अक्षरं. मला आधी वाटलं, कुणाच्या तरी मोबाइलच्या शोरूमचा फोटो चुकून लागला. मग खाली आपलंच नाव दिसलं.

एका तरुण विश्वस्तांनी तिथल्या तिथे फोनवर बघून सांगितलं, की असल्या उघड्या काँक्रीटच्या इमारतींना ‘ब्रुटॅलिस्ट’ म्हणतात. “नावातच ब्रुटल आहे, अजून काय पुरावा हवा?” सगळे हसले. मीही हसलो, कारण वाक्य खरंच चांगलं जमलं होतं. पण रात्री झोप लागेना. मी हात वर केला होता, तो वेळेअभावी राहिला. म्हणून हे पत्र.

माझी ओळख नव्या सभासदांसाठी. १९७४ ते ७६ या काळात हे सभागृह उभं राहिलं, तेव्हा ठेकेदाराकडचा साइट सुपरवायझर मी होतो. वय बावीस, डिप्लोमा ताजा, अक्कल बेताची. ज्या भिंतींना आपण ‘राखाडी’, ‘उदास’, ‘अर्धवट राहिलेल्या’ म्हणालात, त्यांच्या साच्याच्या फळ्या मी मोजून घेतल्या आहेत. तेव्हा मी तटस्थ नाही, हे पहिल्यांदाच कबूल करतो.

आधी नावाचं निस्तरू. ‘ब्रुटल’ म्हणजे क्रूर, त्यावरून हे नाव आलं असा समज साहेबाच्या देशातही आहे, त्यामुळे आपल्या तरुण विश्वस्तांना दोष नको. पण शब्द फ्रेंच आहे. ‘ब्रूत’ म्हणजे कच्चा, कोरा, वरून काही न केलेला. दुकानातून आणलेल्या, पाणी न लागलेल्या कापडाला आपण कोरं म्हणतो ना, तसा कोरा. (हाच शब्द ते लोक शॅम्पेनच्या बाटलीवरही लिहितात, पण गुजरातेत राहून मी त्याचं उदाहरण द्यावं हे बरं दिसणार नाही.) ‘बेताँ ब्रूत’ म्हणजे साच्यातून निघालं तसंच ठेवलेलं काँक्रीट. हा शब्दप्रयोग गाजवला ले कॉर्बुझिए या वास्तुविशारदाने, फ्रान्समधल्या मार्सेय शहरात.

ती गोष्ट ऐकण्यासारखी आहे. दुसरं महायुद्ध संपलेलं, लाखो लोक बेघर. सरकारने कॉर्बुझिएला एक मोठी निवासी इमारत बांधायला दिली. १९४७ ते १९५२ अशी ती बांधली गेली, एका छताखाली ३३७ घरं. त्याच्या मनात पोलादी सांगाडा होता, पण युद्धानंतर पोलाद कुठलं मिळायला? मग काँक्रीट. ठेकेदार पुष्कळ, कुशल कारागीर थोडे, एकाचं काम दुसऱ्याशी जुळेना. कुठे फळीचा सांधा वर आलेला, कुठे पृष्ठभाग खरबरीत. अशा वेळी आपण काय करतो? गिलावा मारतो आणि वरून चुना. त्याने ठरवलं की झाकायचं नाही. फळीच्या रेषा, गाठी, माणसांच्या हातून झालेल्या चुका, सगळं दिसू दे. नाइलाजातून आलेली ही रीत पुढे अर्ध्या जगाने हौसेने उचलली.

गंमत पुढे आहे. ‘ब्रुटॅलिझम’ हे नाव पडलं ते काँक्रीटच्या इमारतीवरून नव्हेच. १९५० साली स्वीडनमध्ये हान्स आस्प्लुंड नावाच्या वास्तुविशारदाने उप्साला इथल्या एका घराच्या आराखड्याला थट्टेने ‘नवब्रुटॅलिझम’ म्हटलं. ते घर होतं विटांचं! थट्टा इंग्लंडात पोचली आणि तिथल्या तरुण मंडळींनी ती छातीवर बिल्ल्यासारखी लावली. त्यांत ॲलिसन आणि पीटर स्मिथसन हे जोडपं पुढे होतं. त्यांनी नॉरफोकमध्ये हन्स्टन्टन इथे बांधलेली शाळा १९५४ साली पुरी झाली. तिच्यातही काँक्रीटचा डौल नाही. पोलादी सांगाडा, वीट आणि काच. पण नळ भिंतीत लपवलेले नाहीत, वायरी उघड्यावरून जातात, पाण्याची टाकी झाकून न ठेवता उंच मनोऱ्यासारखी उभी केली आहे. पाणी कुठून येतं आणि वजन कशावर उभं आहे, हे शाळेतल्या पोराला बघून कळावं.

१९५५ च्या डिसेंबरमध्ये रेनर बॅनम या टीकाकाराने लेख लिहून या सगळ्याची व्याख्या बांधली. सोप्या मराठीत सांगायचं तर त्याच्या कसोट्या अशा: इमारत एकदा पाहिली की डोळ्यांसमोरून जाऊ नये, तिचा सांगाडा उघड दिसावा, आणि जो माल वापरलाय तो जसा आहे तसाच दिसावा. विटेने वीट राहावं, लाकडाने लाकूड.

आता हे आपल्याला परकं आहे का? तांबेकर वाड्याच्या खांबांवर कुणी मार्बल-फिनिशचा कागद चिकटवायला निघाला तर आपणच त्याला रावपुऱ्यातून पळवून लावू. लक्ष्मीविलास राजवाड्याच्या दगडाला ऑईलपेंट मारायचं कुणाच्या स्वप्नात येत नाही. हेमाडपंती देवळं तर दगडावर दगड ठेवून गप्प उभी आहेत, ना गिलावा ना रंग. कोकणातला जांभा उघडा असतो तेव्हा आपण त्याला ‘किती छान, नैसर्गिक’ म्हणतो आणि फोटो काढतो. काँक्रीट उघडं राहिलं की मात्र म्हणतो, “पैसे संपले वाटतं.”

हा प्रकार बडोद्याच्या उंबरठ्यापर्यंत कसा आला, तेही थोडक्यात. कॉर्बुझिएला चंदीगढ मिळालं आणि त्याच सुमारास अहमदाबादच्या गिरणीमालकांनीही त्याला बोलावलं. आश्रम रोडवरची मिलओनर्स असोसिएशनची इमारत १९५४ ची. उन्हाच्या बाजूला काँक्रीटच्या तिरप्या पाळ्या, जणू इमारतीने कपाळावर हात धरलाय. कॉर्बुझिएच्या हाताखाली पॅरिसमध्ये शिकून आलेले बाळकृष्ण दोशी अहमदाबादेत स्थिरावले. जन्म पुण्याचा, १९२७ चा, शिक्षण मुंबईच्या जे.जे.त. २०१८ साली प्रित्झ्कर हा वास्तुकलेतला सर्वोच्च सन्मान मिळाला तेव्हा तो मिळवणारे ते पहिले भारतीय. आपल्या फर्टिलायझरनगरची वसाहत त्यांचीच, हे सभेतल्या किती जणांना माहीत आहे? अहमदाबादेत पालडीतल्या टागोर हॉलमध्ये नाटकाला गेला असाल तर कागदाच्या घड्या घालाव्यात तशा त्याच्या उंच काँक्रीट भिंती आठवतील. त्याही दोशींच्या, आणि त्या उभ्या राहतील हे गणित मांडलं अभियंते महेंद्र राज यांनी.

आणि एक नाव आपल्या मंडळींनी तरी विसरू नये: अच्युत कानविंदे. कोकणातल्या आचऱ्याचे. जे.जे.तून हार्वर्डला गेले, तिथे ग्रोपियस या नामवंत वास्तुविशारदाकडे शिकले, परत येऊन कानपूरच्या आयआयटीचा परिसर उभारला. मेहसाण्याची दूधसागर डेअरी एकदा जाऊन बघा. दुधाचा कारखाना, पण गरम हवा वर काढणाऱ्या काँक्रीटच्या धुराड्यांनी त्याला किल्ल्यासारखी आकृती दिली आहे. जांभ्याच्या उघड्या भिंतींच्या मुलखातला माणूस उघड्या काँक्रीटकडे गेला, याचा संबंध मी जोडत नाही. मनात येतं एवढंच.

हा मामला इथे रुजला त्याला कारणही साधं होतं. पोलाद महाग, सिमेंट परमिटवर. सिमेंटच्या वाटपावरून मुंबईत एका मुख्यमंत्र्यांची खुर्ची गेली, इतकी त्या वस्तूला किंमत होती. १९८२ मध्ये नियंत्रण अर्धंमुर्धं उठलं तेव्हा कुठे श्वास घेतला. आपल्याकडे मुबलक काय होतं, तर माणसांचे हात आणि सुताराची कला. आणि उघडं काँक्रीट म्हणजे खरं तर सुताराचंच काम. काँक्रीट हे पातळ पिठासारखं, ज्या भांड्यात ओताल त्याचा आकार घेतं. भिंतीवर जे दिसतं तो लाकडाचा छाप असतो. म्हणून गिलाव्याचा खर्च वाचतो, पण शटरिंगचा, म्हणजे फळ्यांच्या साच्याचा, वाढतो.

आमचे शटरिंगचे मिस्त्री सावली गावचे होते. त्यांना आम्ही काका म्हणायचो. वास्तुविशारदांनी चार इंची देवदारच्या फळ्या सांगितल्या, एका बाजूने रंधा न मारलेल्या, म्हणजे करवतीचे दात भिंतीवर उमटतील. काकांना हे अजिबात पटलं नाही. “गुळगुळीत करायला लोक पैसे देतात, हा खरबरीत करायला देतो,” असं म्हणून त्यांनी दोन दिवस काम बंद ठेवलं. मग स्वतःच एक नमुना ओतून बघितला, फळ्या काढल्या, त्यावरून हात फिरवला, आणि तिसऱ्या दिवसापासून कुठली गाठ कुठे यावी यावर माझ्याशी भांडू लागले. मंचाच्या उजव्या भिंतीवर, जमिनीपासून छातीएवढ्या उंचीवर, तीन फळ्यांतल्या गाठी एका ओळीत आल्या आहेत. ती चूक नाही, काकांनी फळ्या निवडून लावल्या होत्या. पन्नास वर्षं झाली, आजवर एकाही माणसाने मला त्याबद्दल विचारलेलं नाही.

फळ्यांना जळकं ऑईल लावायची सोय नव्हती, डाग पडतात. साबणाचं पाणी लावायचो. दोन फळ्यांच्या फटीतून सिमेंटचा रस गळाला की तिथे नुसती वाळू उरते, म्हणून फटीत सुतळी ठासायची. माल डोक्यावरून जायचा, दाहोदकडच्या बाया घमेली (तगारी म्हणा, बडोद्यात तोच शब्द चालतो) पोचवायच्या, एकदा ओतायला सुरुवात केली की भिंत पुरी होईपर्यंत थांबायचं नाही. थांबलात तर तिथे रेघ पडते आणि ती जन्मभर दिसते. गिलाव्याच्या कामात रात्री चूक झाली तर सकाळी झाकता येते. इथे सकाळी फळी निघाली की सगळ्या गावाला दिसणार. त्या भीतीने काम किती चांगलं होतं, हे ज्यांनी केलंय त्यांनाच ठाऊक.

पश्चिमेकडच्या तिसऱ्या खांबावर गुडघ्याच्या वर मधमाशीच्या पोळ्यासारखी जागा आहे, तीही आमचीच. ओतताना व्हायब्रेटर बंद पडला. पोरांनी सळईने ठोसून ठोसून माल खाली बसवला, पण तेवढ्या जागी खडी उघडी राहिली. मी रडकुंडीला आलो होतो. ठेकेदार म्हणाला, रातोरात गिलावा मार. वास्तुविशारद आले, खांबाभोवती एक फेरी मारली, छिन्नीने ठोकून आत किती पोकळ आहे ते तपासलं आणि म्हणाले, ताकदीला धक्का नाही, राहू दे. मार्सेयची गोष्ट मी नंतर वीस वर्षांनी वाचली, तेव्हा त्या खांबाची आठवण आली.

आता तुमची बाजू, कारण ती खोटी नाही. पश्चिमेची भिंत मे महिन्यात तापते, संध्याकाळच्या प्रयोगाला मागच्या रांगा भाजून निघतात. पावसानंतर पन्हळींच्या खाली काळे-हिरवे ओघळ येतात. आणि गेल्या वर्षी बाल्कनीखालच्या छज्जाचा ढलपा खाली पडला, सायकलस्टँडवर, सुदैवाने रात्री. हा छज्जा माझ्या मनाला लागून राहिला आहे, म्हणून सांगतो: तो दोष काँक्रीटचा नाही, आमचा आहे. सळईच्या खाली काँक्रीटचं जे आवरण हवं, ज्याला आम्ही कव्हर म्हणतो, ते तिथे जेमतेम दहा मिलिमीटर ठेवलं गेलं. तेव्हाच्या नियमानेही स्लॅबला याहून जास्त लागायचं. कव्हर ब्लॉक (सळई उचलून धरणारे ठोकळे) घसरले, मी बघितले नाहीत. हवेतला कार्बन डायऑक्साइड हळूहळू काँक्रीटमध्ये शिरतो आणि त्याचा क्षार, म्हणजे आम्लाच्या उलटा गुण, मारतो. तो सळईपर्यंत पोचला की सळईचं संरक्षण जातं, गंज धरतो, गंजलेलं लोखंड फुगतं आणि बाहेरचं काँक्रीट फोडतं. पंधरा-वीस मिलिमीटर असतं तर अजून बरीच वर्षं निघाली असती.

पण यावर पत्रा हा उपाय नाही. पत्र्याने गंज थांबत नाही, दिसेनासा होतो. ढलपा मग सायकलस्टँडवर न पडता पत्र्याच्या आत पडेल आणि आपल्याला कळेल ते थेट सळई तुटल्यावर. २०२४ च्या ऑगस्टमध्ये विश्वामित्री नदीचा पूर आत शिरला तेव्हा शेजारच्या इमारतीचा गिलावा कमरेपर्यंत सुटला. आपण चिखल नुसत्या पाइपने धुतला. पत्रे असते तर तो चिखल आजही त्यांच्या मागे असता, उंदरांसकट.

आणि एक गोष्ट, जी सभेत कुणी काढली नाही. लंडनमध्ये ग्रेनफेल टॉवर म्हणून १९७४ साली पुरा झालेला चोवीस मजली काँक्रीटचा टॉवर होता. आपल्या सभागृहाच्या वयाचाच. २०१६ मध्ये त्याचं नूतनीकरण झालं, बाहेरून नवं उष्णतारोधक आवरण आणि त्यावर ॲल्युमिनियमचे पत्रे बसवले. दोन पातळ पत्र्यांच्या मधे प्लास्टिकचा गाभा. १४ जून २०१७ च्या रात्री एका घरातल्या स्वयंपाकघरात आग लागली, ती खिडकीतून बाहेरच्या आवरणाला भिडली आणि वर चढत गेली. बहात्तर माणसं गेली. आग एवढी पसरली त्याचं मुख्य कारण ते आवरणच, असं चौकशी अहवालाने म्हटलं. सगळेच एसीपी असे पेटत नाहीत, न पेटणाऱ्या गाभ्याचेही मिळतात, हे मला माहीत आहे. पण आपल्या कोटेशनमध्ये गाभा कसला आहे ते लिहिलेलंच नाही. मी कोटेशन दोनदा वाचलं. रंगांचे सतरा पर्याय दिलेत.

‘जुन्या काँक्रीटला कोण विचारतो’ असंही एकांनी म्हटलं. खरं आहे, फारसं कुणी विचारत नाही. दिल्लीच्या प्रगती मैदानातला वास्तुविशारद राज रेवल यांचा हॉल ऑफ नेशन्स हा काँक्रीटचा प्रदर्शन-हॉल, १९७२ चा, २०१७ च्या एप्रिलमध्ये एका रात्रीत पाडला. स्मिथसन दांपत्याचं लंडनमधलं रॉबिन हूड गार्डन्स हे काँक्रीटचं गृहसंकुलही पाडलं. त्यातला एक तुकडा संग्रहालयाने जपून ठेवला आहे, म्हणजे घर पाडून दार शोकेसमध्ये ठेवल्यासारखं. याच शैलीत वाईटही पुष्कळ बांधलं गेलं, तेही मान्य करतो. ज्यांना सांगाडा दाखवायचा नव्हता, फक्त गिलाव्याचे पैसे वाचवायचे होते, अशा सरकारी कचेऱ्या मी भरपूर पाहिल्या आहेत. त्यांना खुशाल पत्रे चढवा.

आपलं सभागृह त्यातलं नाही. सायकलस्टँडवर उभं राहून वर बघा: डोक्यावर जो उतार दिसतो ती आतल्या खुर्च्यांची रांग आहे. बाहेर आलेले तुळयांचे शेंडे म्हणजे आतलं छप्पर ज्यांच्यावर आहे त्या तुळयाच. पन्हळीतून पाणी थेट हौदात पडतं, आणि पावसाळ्यात सगळ्या नाटकवाल्यांची पोरं तिच्याखाली उभी राहतात, तुमचीही राहिली आहेत. आत काय चाललंय ते बाहेरून वाचता येतं. बॅनम काही बडोद्याला आला नव्हता, पण आला असता तर थांबला असता.

माझी मागणी मोठी नाही. पत्र्यांची ऑर्डर तीन महिने थांबवा. तेवढ्यात सगळ्या भिंतींची ठोकून तपासणी करू, पोकळ आवाज येईल तिथे खडूने खूण. थोडं काँक्रीट फोडून त्या ताज्या जागेवर फिनॉल्फ्थॅलिनचं द्रावण फवारलं की जिथे काँक्रीटचा क्षार शाबूत आहे तिथे गुलाबी रंग येतो, जिथे येत नाही तिथली सळई धोक्यात. तेवढेच भाग सळईच्या मागेपर्यंत फोडायचे, गंज घासायचा, सळईला प्रायमर लावायचा, पॉलिमर मॉर्टरने भरायचं आणि भरताना फळीचाच छाप द्यायचा. मग सगळ्या बाहेरच्या भिंतींना पारदर्शक सिलेनचा हात. पाणी आत जात नाही आणि रंग बदलत नाही. पश्चिमेच्या उन्हासाठी बाहेर वेली किंवा लाकडी जाळी. पन्हळींना पुढे पितळी ओठ लावले तर ओघळ थांबतील, हे आम्ही तेव्हाच करायला हवं होतं. आतल्या भिंती रंगवायच्या असतील तर त्यावर मी वाद घालणार नाही. खुद्द कॉर्बुझिएने चंदीगढच्या उच्च न्यायालयाच्या तीन प्रचंड खांबांना हिरवा, पिवळा आणि तांबडा रंग दिला आहे. फक्त मंचाच्या उजव्या भिंतीला, छातीएवढ्या उंचीवर, हात लावू नका.

येत्या रविवारी सकाळी आठ वाजता मी सभागृहावर येतो आहे. हातोडी, खडू आणि द्रावणाची बाटली माझी. वय झालंय, शिडीवर चढणाऱ्या एखाद्या पोराची सोय तुम्ही करा. ज्यांनी ‘ब्रुटल’वाला विनोद केला ते आले तर मला जास्त आवडेल. छज्जाच्या खाली दोरी बांधून सायकलस्टँड तोवर पलीकडे हलवा, हे रविवारची वाट न बघता आजच. आणि गच्चीची किल्ली तेवढी वॉचमनकडे ठेवायला सांगा. मागच्या वेळी ती सापडायला दोन तास लागले होते.

आपला,
एक आजीव सभासद
(आणि तिसऱ्या खांबाचा गुन्हेगार)